पफ, पावडर आणि पुणं

रंगपटात चेहऱ्यावर बेस चढतो, गालांवर लाली येते, नाकाच्या बाजूंना सावली मिळते आणि मग रंगभूषाकार म्हणतो, "डोळे मीट." पावडरीचा पफ पापण्यांवर, कपाळावर, ओठांच्या कडेला दाबला जातो. मिनिटभराचं काम. नटाचंही त्याकडे फारसं लक्ष नसतं, तो मनात पहिल्या प्रवेशाची वाक्यं घोळवत असतो. पण आधी केलेली सगळी मेहनत शेवटच्या अंकापर्यंत टिकणार की पहिल्याच प्रवेशात कानशिलावरून ओघळणार, हे त्या मिनिटात ठरतं. या पावडरीनं पुण्यात तेलाचे दिवे पाहिले, गॅसच्या बत्त्या पाहिल्या, प्रभातचे कॅमेरे पाहिले आणि आज ती मंगल कार्यालयातल्या एलईडीखाली आहे. तिचं काम टिकवण्याचं. आपण मात्र तिच्याकडे सतत दुसरंच काही मागत आलो आहोत, ते म्हणजे गोरेपणा. गेल्या सव्वाशे-दीडशे वर्षांकडे वळून पाहताना मला हीच गोष्ट पुन्हा पुन्हा खटकते.

31 ऑक्टोबर 1880 रोजी बुधवार पेठेतल्या आनंदोद्भव नाट्यगृहात अण्णासाहेब किर्लोस्करांचं 'संगीत शाकुंतल' रंगभूमीवर आलं. स्त्रियांच्या भूमिका पुरुषच करत. दाढीची हिरवट छटा झाकून शकुंतलेचा चेहरा उभा करायचा, तोही मिणमिणत्या पिवळ्या उजेडात, म्हणजे रंग भडकच लावावा लागणार. जुन्या नाटकमंडळ्यांत, तमाशात आणि कोकणातल्या दशावतारात चेहऱ्यासाठी जी सामग्री असे, तिची नावं अजून जुन्या माणसांच्या तोंडी आहेत : सफेदा, पिवडी, हिंगूळ, मुर्दाडशिंग, काजळ. ही बहुतेक सगळी कोरडी पूड. ती पाण्यात किंवा तेलात कालवून लावायची. त्या उजेडात सावळा चेहरा चौथ्या-पाचव्या रांगेनंतर दिसेनासा व्हायचा, म्हणून पांढरा थर. त्या काळी चेहरा उजळ करण्याला रंगमंचाचं खरंखुरं कारण होतं, आणि ते मान्य करायला हवं. पण त्याची किंमतही मोठी होती. मुर्दाडशिंग हे शिशाचं भस्म, हिंगूळ हे पाऱ्याचं संयुग. रात्रीमागून रात्री हे विष गालांवर वागवणाऱ्या नटांची नावं कुठल्याच नाट्येतिहासात त्या अंगानं येत नाहीत.

इकडे अशी पूड कालवली जात होती, तेव्हा युरोपात वेगळी वाट निघाली होती. लुडविग लाइखनर या जर्मन ऑपेरा-गायकानं 1873 मध्ये बर्लिनमध्ये चरबीत घोटलेल्या रंगांच्या कांड्या बनवायला सुरुवात केली. या ग्रीसपेंटचा रंग त्वचेवर सुरेख पसरतो, एकजीव होतो, सावल्या-उजळ भाग हवे तसे मिसळतात. एकच अडचण : चरबी सुकत नाही. चेहरा चकाकत राहतो, शालूचा पदर लागला की रंग पदरावर येतो, घाम आला की त्याच्यासकट खाली सरकतो. इथे सुट्या पावडरीशिवाय गत्यंतर नव्हतं.

तिचं काम कसं चालतं, ते समजून घेण्यासारखं आहे. या पावडरीत मुख्य असतो टाल्क, म्हणजे आपलं शंखजिरे. त्याचे कण पातळ पापुद्र्यांसारखे असल्यामुळे ते एकमेकांवरून घसरतात आणि त्वचेवर मऊ पसरतात. वरवरचं तेल टिपलं गेलं की रंगाचा थर सरकत नाही. पृष्ठभाग खरबरीत झाल्यामुळे उजेड विखुरतो आणि चकाकी जाते. झिंक किंवा मॅग्नेशियम स्टिअरेट मिसळलं की पूड त्वचेला धरून राहते आणि पाण्याला थोडी दूर ठेवते. तांदळाचं किंवा मक्याचं पीठ ओल जास्त शोषतं, पण घाम फार झाला की त्याच्या गुठळ्या होतात. पावसाळ्यात प्रयोग करणाऱ्यांना हा फरक पुस्तकाविना कळतो.

संगीत नाटकाच्या वैभवकाळात चेहरा टिकवणं म्हणजे काय, याची आज कल्पना करणं अवघड आहे. रात्री सुरू झालेला प्रयोग 'वन्समोअर'च्या पुकाऱ्यांसह पहाटेपर्यंत चाले. बालगंधर्वांची 'मानापमाना'तली भामिनी 1911 ची, 'स्वयंवरा'तली रुक्मिणी 1916 ची, 'एकच प्याला'तली सिंधू 1919 ची. भामिनी आणि रुक्मिणीला निदान भरजरी वस्त्रांचा आधार होता. सिंधूच्या अंगावर ठिगळांचं लुगडं, समोर दारूनं उद्ध्वस्त झालेला संसार, आणि गाणं म्हणताना डोळ्यांत पाणी. बत्त्यांची धग, गायकाचा श्वास, नऊवारीचा भार आणि अश्रू, या सगळ्यांतून स्त्रीचा चेहरा पुरुषाच्या चेहऱ्यावर शाबूत राहायला हवा. प्रेक्षक सुरांनी भारावले, बालगंधर्वांच्या साड्यांची आणि केशरचनेची नक्कल घराघरांत झाली. रंगपटात पफ घेऊन उभा असलेला माणूस कुणाच्या आठवणीत राहिला नाही. मला वाटतं, त्या काळच्या नाटकाच्या खर्चाच्या वह्या कुणी या नजरेनं वाचल्या, तर खूप काही हाती लागेल.

मग कॅमेरा आला. प्रभात फिल्म कंपनी 1933 मध्ये कोल्हापूरहून पुण्यात आली आणि दोनच वर्षांत, 1935 च्या 'धर्मात्मा'त, व्ही. शांतारामांनी बालगंधर्वांना संत एकनाथांच्या भूमिकेत पडद्यावर आणलं. ज्या चेहऱ्यानं पाव शतक शेवटच्या रांगेसाठी रंग लावला होता, तो आता भिंगापासून हातभर अंतरावर. लांबून जे सौंदर्य वाटतं ते जवळून लेप दिसतं. मूकपटांच्या काळात जी ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म वापरात होती, तिला तांबडा रंग दिसतच नसे. ओठ काळे, त्वचा डागाळलेली यायची. पँक्रोमॅटिक फिल्मनं हा दोष घालवला, पण तिच्या बरोबरीनं आलेल्या प्रखर दिव्यांखाली चरबीचा रंग वितळू लागला. 1937 मध्ये हॉलिवूडमध्ये मॅक्स फॅक्टरच्या पॅनकेकनं यावर उपाय काढला. रंग आणि टाल्क एकत्र दाबलेली वडी ओल्या स्पंजनं लावायची, वाळली की चकाकी नाही. पुढे आपल्या नाटकांतही पॅनकेक इतका रुळला की जत्रेतल्या कलाकारांच्या पेटीतही त्याचा डबा सापडू लागला.

घराघरांतली पावडर याला समांतर, पण निराळ्या वाटेनं गेली. 1919 मध्ये पाटणवालांचा अफगाण स्नो आला, 1952 मध्ये टाटांनी लॅक्मे सुरू केली. पण पुण्यातल्या मध्यमवर्गीय घरात आरशाशेजारी असायचा तो टाल्कम पावडरीचा पत्र्याचा डबा. स्नो लावायचा, वर पावडर थापायची, कुंकू टेकवायचं आणि लग्नाला निघायचं. टाल्कम पावडर अंगासाठी बनवलेली, तिच्यात त्वचेचा रंग नाही. सावळ्या, गव्हाळ चेहऱ्यावर ती राखेसारखी दिसायची, आणि तेच हवं होतं. मान एका रंगाची, चेहरा दुसऱ्या, असे कितीतरी फोटो आपल्या अल्बमांत आहेत. 1975 मध्ये गोरं करण्याचं वचन देणारी क्रीम बाजारात आली, तेव्हा तिला ग्राहक शोधावे लागले नाहीत, ते आधीपासून तयार होते. तिच्या नावातला 'फेअर' हा शब्द जायला 2020 साल उजाडावं लागलं. रंगमंचावरचा मंद उजेड कधीच गेला होता. त्याच्यासाठी लावलेला पांढरा थर मात्र घरात राहिला.

साठ-सत्तरच्या दशकांत पुण्याच्या रंगभूमीनं या पांढऱ्या थराच्या उलट दिशेनं पावलं टाकली, असं म्हणता येईल. 1963 मध्ये पुरुषोत्तम करंडक एकांकिका स्पर्धा सुरू झाली, 26 जून 1968 रोजी बालगंधर्व रंगमंदिर उघडलं, आणि 16 डिसेंबर 1972 रोजी भरत नाट्य मंदिरात 'घाशीराम कोतवाल'चा पहिला प्रयोग झाला. उघड्या अंगानं नाचणारी, गाणारी, घामानं निथळणारी ब्राह्मणांची रांग हीच तिथे भिंत होती आणि पडदाही. अशा नाटकात गुळगुळीत गोरा लेप काय कामाचा? चेहरा माणसाचा दिसायला हवा आणि तो टिकायलाही हवा. प्रभाकर भावे यांच्यासारख्या पुण्याच्या रंगभूषाकारांचं नाव नाट्यवर्तुळात आदरानं घेतलं जातं ते उगाच नाही. या मंडळींचा हात पाहण्यासारखा. पफवर पावडर घ्यायची, तळहातावर चोळून पफात जिरवायची, मग चेहऱ्यावर दाबायची आणि किंचित वळवून उचलायची. घासायचं नाही, घासलं की खालचा बेस फाटतो. जास्तीची मऊ ब्रशनं झटकायची. शेवटी ओला स्पंज पिळून हलकेच टेकवला की पांढुरकी झाक जाते आणि थर बसतो. आज महागड्या वर्गांत शिकवलं जातं त्याचा गाभा एवढाच आहे.

आता पावडरीचं मुख्य ठिकाण नाटक उरलं नाही, लग्न झालं आहे. वैशाखातला मुहूर्त, कोरडं ऊन, पहाटे पार्लरमध्ये बसलेली नवरी, होमाचा धूर, मुंडावळ्यांखाली कपाळावर साचणारा घाम, सप्तपदी, जेवणाच्या पंगती, संध्याकाळचं स्वागत आणि पाठवणीचं रडणं. बारा-चौदा तास चेहरा जागेवर हवा. गंधर्वकाळातल्या नटाची परीक्षा आज प्रत्येक नवरी देते. गेल्या पंधरा-वीस वर्षांत यासाठी सिलिकाच्या अतिसूक्ष्म गोळ्यांची एचडी पावडर आली. डोळ्यांना ती दिसत नाही, पण फ्लॅश पडला की उजेड परतवते आणि डोळ्यांखाली पांढरे चट्टे उमटतात. हॉलिवूडच्या नट्यांचे असे फोटो जगभर फिरले, आणि आपल्याकडच्या कितीतरी लग्नांच्या अल्बमांत तेच चट्टे आहेत. त्यात भर 'बेकिंग'ची. डोळ्यांखाली पावडरीचा जाड ढीग पाच-दहा मिनिटं ठेवून झटकायचा, ही स्त्रीवेश करणाऱ्या ड्रॅग कलावंतांची रंगमंचीय युक्ती 2015 च्या सुमारास सगळीकडे पसरली. पंचविशीतल्या, ताज्या त्वचेच्या मुलीला दिवसाउजेडी हे करणं मला अन्यायाचं वाटतं. डोळ्यांखालची नाजूक त्वचा कोरडी पडते, दुपारी हसताना रेषा उमटतात. तेलकट भाग म्हणजे कपाळ, नाक, हनुवटी. तिथे पावडर दाबून लावावी. गालांवर नुसता हात फिरला तरी पुरे.

टाल्कबद्दलही बोलायलाच हवं. निसर्गात टाल्कच्या शेजारी अ‍ॅस्बेस्टॉस सापडतं, त्यामुळे खाणीतल्या मालाची शुद्धता महत्त्वाची. जॉन्सन अँड जॉन्सननं टाल्कची बेबी पावडर 2020 मध्ये अमेरिका-कॅनडात विकणं थांबवण्याचं जाहीर केलं आणि 2023 पासून जगभर मक्याच्या पिठाची पावडर आणली. 2024 मध्ये आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेनं टाल्कला 'बहुधा कर्करोगकारक' गटात टाकलं. माणसांमधला पुरावा मर्यादित आहे, हेही त्याच निर्णयात आहे, तेव्हा घाबरून डबे फेकण्याचं कारण नाही. पण बंद खोलीत दिवसभर पफ झटकणारी पार्लरमधली मुलगी आणि रंगपटातला मेकअपमन यांच्या नाकातोंडात जाणाऱ्या धुळीचा विचार मालकांनी, आयोजकांनी करावा. खिडकी उघडी हवी, तोंडाला मास्क हवा. रंगासाठी शिसं आणि आर्सेनिक वापरायला आपल्या कायद्यानं बंदी आहे. मुर्दाडशिंगापासून इथवर आलो, हे खरं यश.

रंगाच्या छटांबाबत मात्र उशीर झाला. 2017 मध्ये फेंटी या ब्रँडनं फाउंडेशनच्या 40 छटा एकदम आणल्या, तेव्हा कुठे बाकीच्या कंपन्यांना सावळी, गडद त्वचा दिसू लागली. आपल्याकडेही पिवळसर, बदामी, तांबूस छटांच्या सुट्या पावडरी आता मिळतात. पांढऱ्या लेपाविना काय साधतं, ते 2011 च्या 'बालगंधर्व' चित्रपटात दिसलं : रंगभूषाकार विक्रम गायकवाड यांनी सुबोध भावे यांच्या चेहऱ्यावर ते जुनं युग उभं केलं आणि रंगभूषेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. त्या चेहऱ्यात जाडजूड पांढरा लेप नव्हता, तरी त्याकडे पाहताना भामिनी खरी वाटते.

घरात लग्न असेल तर एवढं करा. पावडर घेण्याआधी जबड्याच्या कडेला लावून खिडकीच्या उजेडात पाहा आणि फ्लॅशनं एक फोटो काढा. लहान बाळाजवळ डबा उघडू नका. आणि पार्लरमध्ये "एक शेड उजळ करू का?" असं विचारलं, तर नको म्हणा.