नऊशे एकवीस तुकड्यांचे जहाज

२०२५ च्या जुलैतली गोष्ट. दुपारी पेन्शनचे काही काम उरकून घरी आलो, तर जेवणाच्या टेबलावर आमचे चिरंजीव राखाडी रंगाच्या प्लॅस्टिकच्या तुकड्यांचे ढीग लावून बसलेले. वय वर्षे अडतीस. खारघरला पाऊस कोसळत होता, समोरच्या डोंगरावर पांडवकड्याची पांढरी रेघ लोंबत होती आणि हा गृहस्थ डाळीएवढा एक तुकडा ढिगाऱ्यात बोटांनी शोधत होता. शेजारी खोके पडले होते. त्यावर तबकडीसारख्या एका अंतराळयानाचे चित्र. मी खोके उलटसुलट करून किंमत शोधली. त्याची नोकरी जाऊन तेव्हा तीन महिने झाले होते.

छत्तीस वर्षे बँकेत काढलेल्या माणसाच्या मनात अशा वेळी पहिला विचार कोणता येणार, हे सांगायला नको. मी विचारले, "अरे, हे कितीला पडलं?"

तो मान वर न करता म्हणाला, "नोकरीत असतानाच घेतलं होतं, बाबा. उघडायला वेळ नव्हता."

मी गप्प बसलो. कपडे बदलून आलो आणि समोरच्या खुर्चीवर टेकलो. तपासणीला आलेला अधिकारी बसतो तसाच बसलो असणार, कारण थोड्या वेळाने त्याने एक प्लॅस्टिकचा डबा माझ्याकडे सरकवला आणि म्हणाला, "बसलाच आहात, तर यातल्या चार गुंड्यांच्या पट्ट्या वेगळ्या काढा."

त्या दुपारपासून पुढचे पाच-सहा दिवस आम्ही दोघे जे करीत होतो, त्याला आमच्या सोसायटीतल्या समवयस्कांनी पोरखेळ म्हटले. तो पोरखेळ आहेच. पण हा खेळ ज्या कारखान्यातून येतो, त्याची कथा ऐकण्यासारखी आहे.

डेन्मार्कमधल्या बिलुंड नावाच्या खेड्यात ओले किर्क क्रिस्तियानसन नावाचा सुतार होता. जागतिक मंदीत घरबांधणीची कामे आटली, तेव्हा १९३२ मध्ये तो लाकडी खेळणी करू लागला. 'चांगले खेळ' अशा अर्थाच्या दोन डॅनिश शब्दांवरून त्याने 'लेगो' हे नाव घेतले. त्याच्या मुलाची, गोडफ्रेडची, एक हकीकत कंपनी आजही सांगते. लाकडी बदकांना वार्निशचे तीन हात द्यायची पद्धत होती. गोडफ्रेडने दोनच हात दिले, माल स्टेशनवर पोचवला आणि वाचवलेल्या पैशांची बातमी मोठ्या अभिमानाने बापाला दिली. बापाने त्याला तो सगळा माल परत आणायला लावला आणि रात्रभर बसून तिसरा हात द्यायला लावला.

मुद्दा बदकांचा नाही. याच गोडफ्रेडने पुढे २८ जानेवारी १९५८ रोजी ज्या प्लॅस्टिकच्या विटेच्या पेटंटसाठी अर्ज केला, तिच्या आत नळ्या होत्या. त्याआधीची, १९४९ पासूनची वीट आतून पोकळ होती. ती वीट हिलरी पेज नावाच्या इंग्रज गृहस्थाच्या विटेवरून घेतलेली. ती एकावर एक बसे, पण घट्ट धरत नसे. नळ्या आल्या आणि खालच्या विटेच्या गुंड्या वरच्या विटेत पकडल्या जाऊ लागल्या. ओले किर्क त्याच वर्षी मार्चमध्ये वारला. १९५८ सालची वीट आजच्या विटेवर बरोबर बसते. माझ्या नोकरीच्या काळात बँकेची लेजर बदलली, संगणक आले, ते संगणकही दोनदा बदलले आणि प्रत्येक वेळी जुने नव्याशी जुळवताना आमच्या नाकी नऊ आले. त्या मानाने साठ-सत्तर वर्षे एकाच मापाला चिकटून राहणे ही सोपी गोष्ट नव्हे. साच्यात मिलिमीटरच्या काही हजाराव्या भागापेक्षा जास्त फरक त्यांना चालत नाही.

आठ गुंड्यांच्या अशा एकाच रंगाच्या सहा विटा घेतल्या, तर त्या किती प्रकारे जोडता येतील? कोपनहेगनच्या गणितज्ञांनी संगणकावर मोजून सांगितले, ९१ कोटी ५१ लाख ३ हजार ७६५. मुलाने हा आकडा सांगितला, तेव्हा मला आधी पटला नाही. कागदावर दोन विटांचा हिशेब मांडून पाहिला, २४ प्रकार आले, मग पुढचा नाद सोडला.

आता या विटांचा आणि अंतराळयानांचा संबंध काय? 'स्टार वॉर्स' हा जॉर्ज लुकास यांचा चित्रपट अमेरिकेत मे १९७७ मध्ये लागला. मी तो फार उशिरा, तालुक्याच्या गावी एका सहकाऱ्याच्या घरी, भाड्याच्या व्हिडिओवर पाहिला. गोष्ट आपल्या पौराणिक नाटकाच्या जातीची. राजकन्या आहे, गुरू आहे, काळ्या कवचातला राक्षस आहे. मनात राहिली ती याने. त्या काळी अशी याने संगणकावर करण्याची सोय नव्हती. लुकास यांच्या कारागिरांनी ती याने हाताने बनवली आणि त्यांच्यावरचे बारीक नळ, पेट्या, जाळ्या कुठून आणल्या, तर दुकानात मिळणाऱ्या रणगाड्यांच्या, विमानांच्या आणि मोटारींच्या प्लॅस्टिक खेळण्यांचे संच विकत घेऊन, त्यांतले सुटे भाग चिकटवून! म्हणजे पडद्यावर आपण जे तारायान पाहून थक्क झालो, ते मुळात खेळण्यांचे भाग जोडूनच केलेले होते. 'मिलेनियम फाल्कन' या जहाजाचे आधीचे रूप दुसऱ्या एका दूरदर्शन मालिकेतल्या यानासारखे वाटते म्हणून ऐन वेळी बाजूला ठेवले गेले आणि घाईघाईने ही तबकडी आली. तिच्या चालकाची खोली मध्यभागी नाही, उजव्या कुशीला बाहेर काढलेली आहे. आपल्या आरटीओने असे वाहन कधीच पास केले नसते.

लेगोने या चित्रपटाचा परवाना घेतला आणि १९९९ मध्ये पहिली याने बाजारात आणली. बाहेरच्या चित्रपटाचे नाव घेण्याची कंपनीची ती पहिलीच वेळ. घरात विरोध झाला. खऱ्या लढाईची खेळणी करायची नाहीत, हा बिलुंडचा जुना दंडक होता आणि इथे तर नावातच युद्ध. शेवटी परवाना घेतला आणि तो तुफान चालला. पण गंमत अशी, की त्यानंतर चारच वर्षांत कंपनी बुडण्याच्या बेतात आली. ज्या वर्षी नवा चित्रपट नाही, त्या वर्षी खप खाली. शिवाय नव्या नव्या आकारांच्या तुकड्यांची हौस इतकी वाढली, की सहा हजारांच्या आसपास असलेले प्रकार बारा हजारांच्या वर गेले. हे वाचताना मला आमच्या कर्जदारांची मालतारणाची पत्रके आठवली. गोदाम भरलेले, मालाची यादी लांबलचक, आणि वीजबिल भरायला रोकड नाही. २००४ मध्ये यर्गन क्नुडस्टॉर्प नावाचा पस्तिशीचा माणूस मुख्याधिकारी झाला. त्याने तुकड्यांचे प्रकार निम्म्याने छाटले, करमणूक उद्याने विकली आणि विटेकडे परत चला असे सांगितले. माझ्या शाखेतल्या दोन कारखानदारांना हे वेळेवर सांगायला हवे होते. मी सांगितले नाही. कागद ठीक होते.

टेबलाकडे परत येतो. आमचे जहाज २०२४ मध्ये निघालेले, ९२१ तुकड्यांचे, वीतभर लांबीचे. पिशव्यांवर आकडे घातलेले असतात, त्या क्रमाने फोडायच्या. सोबतच्या पुस्तकात एक शब्दही नाही, नुसती चित्रे. ही पद्धत मला फार आवडली. पहिल्या दिवशी नुसता सांगाडा होतो आणि त्यात जहाजाचे काही दिसत नाही. आपल्या गवंड्याचा नियम इथेही आहे, खालच्या सांध्यावर वरचा सांधा येऊ द्यायचा नाही. पण गवंडी अडला, तर थापीने वीट फोडून अद्धा करतो. इथे फोडायची सोय नाही. काटकोनी तुकड्यांतून गोल तबकडी करायची, तर त्रिकोणी पाकळ्या बिजागरीने तिरप्या लावून, एकमेकींना किंचित टेकवून ती करावी लागते. चौथ्या दिवशी त्या पाकळ्या मिटल्या आणि एकदम जहाज दिसले, तेव्हा मी चहाचा कप हातात तसाच धरून उभा होतो.

पण त्याआधी तिसऱ्या दिवशी एक प्रकार झाला. मी पुरवठादार, तो गवंडी, अशी आमची वाटणी होती. फिकट राखाडी आणि गडद राखाडी ट्यूबलाइटखाली मला सारखेच दिसतात. मोतीबिंदूचे ऑपरेशन एकाच डोळ्याचे झाले आहे. एक वरची पाकळी काही केल्या बसेना. पंधरा मिनिटे झटापट झाल्यावर मुलाने पुस्तकाची पाने मागे नेली. जवळजवळ सत्तर पायऱ्या मागे मी आठ गुंड्यांच्या पट्टीऐवजी सहा गुंड्यांची दिली होती आणि त्यानेही बोलण्याच्या नादात ती बसवली होती. चूक आता पोटात होती. मी म्हणालो, "राहू दे, बाहेरून दिसणार नाही." हे मी म्हणालो! पाच पैशांचा फरक सापडेना म्हणून शाखेतल्या आठ माणसांना रात्री अकरापर्यंत बसवून ठेवणारा मी.

त्याने काही न बोलता नखाने एकेक तुकडा सोडवायला सुरुवात केली. दीड तास गेला. मला एक शब्दही बोलला नाही, म्हणजे रागाचाही नाही. मग पट्टी बदलून झाल्यावर सहज म्हणाला, "तुम्हाला मावळा आठवतो का, बाबा?"

मला आठवेना. त्याने सांगितले. १९९६ ची दिवाळी, तो नऊ वर्षांचा, बँकेच्या क्वार्टरच्या अंगणात त्याने आणि शेजारच्या मुलांनी किल्ला केला होता. दगड, विटा, गोणपाट, वर चिखलाचा लेप, त्यावर हळीव पेरून उगवलेले हिरवे रान. मी ऑफिसातून आलो आणि त्याच्या मित्रांदेखत विचारले, "हा मावळा दरवाज्यापेक्षा उंच आहे. आत कसा जाणार, रांगत?" मुले हसली. दुसऱ्या वर्षापासून आमच्या अंगणात किल्ला झाला नाही. मी समजत होतो, अभ्यास वाढला.

मुलाला राग आहे असे नाही. तो हे सांगताना हसत होता आणि लगेच म्हणाला, की तुमचा मुद्दा बरोबरच होता, या छंदातले लोक त्याच प्रश्नावर रात्री जागवतात. लेगोचा माणूस साधारण चार सेंटिमीटर उंच. २०१७ मध्ये त्यांनी ७,५४१ तुकड्यांचे फाल्कन काढले, ते ८४ सेंटिमीटर लांब. कथेतले जहाज सुमारे ३५ मीटरचे. भागाकार करा, तो माणूस साडेपाच फुटांचा ठरतो, म्हणजे दारातून चालत आत जाईल. छोट्या संचांत मात्र जहाज आखूड आणि माणूस तेवढाच, दिवाळीतल्या मावळ्यासारखा. आमच्या जहाजात माणसेच नाहीत, त्यामुळे तो वाद मिटला. चौऱ्याऐंशी सेंटिमीटरचे जहाज खारघरच्या फ्लॅटमध्ये ठेवायचे कुठे, हा प्रश्न आमच्या सौभाग्यवतींनी न विचारताच निकालात काढला आहे.

जहाज पुरे झाले की चिरंजीव वहीत परीक्षण लिहितात. दिसते कसे, भक्कम किती, जोडताना मजा आली का, कंटाळा कुठे आला, तुकड्यामागे किंमत किती, आणि हातात धरून घरभर उडवता येते का. ही शेवटची कसोटी मला सगळ्यात प्रामाणिक वाटते. आमच्या फाल्कनने ती पार केली, एक पाकळी स्वयंपाकघराच्या दाराशी गळाली तेवढेच. तुकड्यामागे किमतीचा रकाना माझ्याकडे आला. २००७ चे मोठे फाल्कन ५,१९५ तुकड्यांचे, ४९९.९९ डॉलरचे, म्हणजे तुकडा साडेनऊ सेंटच्या थोडा वर. २०१७ चे ७९९.९९ डॉलरला निघाले, तुकडा साडेदहाच्या वर. आमचे ८४.९९ डॉलरचे, तुकडा सव्वानऊ सेंट. पण हे मोजमाप फसवे आहे, असा शेरा मी मारला. डाळीएवढे तुकडे भरपूर घातले, की सरासरी आपोआप उतरते. शाखेचे ठेवीदार वाढलेले दाखवायला आम्ही शंभर-शंभर रुपयांची खाती उघडत होतो, त्यातलाच प्रकार.

इकडे येईपर्यंत जकातही बसते. खेळण्यांवरची आयात जकात २०२० मध्ये वीस टक्क्यांवरून साठ झाली, २०२३ मध्ये सत्तर. देशी कारागिराला आडोसा मिळावा हा हेतू वाईट नाही. पण जकातीने परके खेळणे महागते, तसा साचा घडवणारा हात त्याने तयार होत नाही.

एक गोष्ट मी मुलाला मुद्दाम सांगितली. मॉस्कोच्या हायर स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समधल्या अभ्यासकांनी १९८७ ते २०१५ या काळातल्या लेगो संचांच्या जुन्या बाजारातल्या किमती तपासल्या, तर सरासरी परतावा वर्षाला अकरा टक्क्यांच्या घरात निघाला. आमच्या मुदत ठेवींपेक्षा बरा. अट एकच, खोके फोडायचे नाही. त्याच्या कपाटात आणखी दोन बंद खोकी आहेत, हे मला तोवर कळले होते. नोकरी नाही, दोन हप्ते माझ्या पेन्शनमधून गेलेले. मी काही सुचवले नाही, फक्त अभ्यासाची माहिती दिली.

त्याने ती शांतपणे ऐकून घेतली. सप्टेंबरात त्याला महापेला काम मिळाले, आधीच्या पगारापेक्षा कमी, पण मिळाले. पहिला पगार झाल्यावरच्या रविवारी सकाळी त्याने दुसरे खोके टेबलावर आणले, कात्रीने पट्टी कापली आणि पिशव्या ओतल्या.

"या वेळी तुम्ही बसवा," तो म्हणाला, "शोधून मी देतो."

सोसायटीच्या मागच्या अंगणात मुले दिवाळीच्या किल्ल्यासाठी माती आणून टाकत होती, तिचा ओला वास वर येत होता. मी चष्मा पुसला आणि पुस्तकाचे पहिले पान उघडले.