शिक्षक, नट आणि पुन्हां शिक्षक

विद्या म्हटली कीं आपल्या घरांतून पुस्तकच डोळ्यांपुढें उभें राहतें. मुलाच्या गणिताकरितां आपण हौसेनें शिकवणी लावतों. शरीर कमावण्याच्या विद्येकरितां पैसा काढावयाचा झाला, तर मात्र कपाळाला आठी पडते. ह्या समजुतीला छेद देणारें एक चरित्र आपल्या वडाळ्याच्या शेजारींच घडलें आहे.

हार्बर मार्गावर वडाळा रोडच्या पुढचें स्टेशन म्हणजे गुरू तेगबहादूर नगर. जुन्या माणसांचें कोळीवाडा. फाळणीनंतर आलेल्या निर्वासित पंजाबी-सिंधी कुटुंबांच्या ह्या वस्तींत राजीव हरिओम भाटिया हा मुलगा वाढला. जन्म १९६७ सालीं अमृतसरला. बालपणाचा आरंभ दिल्लीच्या चांदणी चौकांत. शाळा माटुंग्याची डॉन बॉस्को. पुढें खालसा कॉलेजांत नांव घातलें खरें, पण मन अभ्यासांत रमेना. तें कराट्यांत गुंतलेलें. अशा वेळीं बहुतेक घरांतून काय होतें, हें सांगावयास नको. ह्या पित्यानें मात्र पैसे सांठवून मुलाला थायलंडला धाडलें!

बँकॉकमध्यें स्वयंपाक्याचें व वाढप्याचें काम करीत त्यानें मुए थाई ही युद्धकला आत्मसात केली. मुठी, कोपर, गुडघे व नडग्या अशा आठ अंगांनीं लढण्याची ही विद्या दीर्घ तालमीवांचून साधत नाहीं.

मुंबईस परतल्यावर ते वर्ग घेऊं लागले. १९८७ च्या 'आज' ह्या चित्रपटांत ते क्षणभर दिसतात, तेही कराटे-शिक्षक म्हणूनच. पुढें एका विद्यार्थ्याच्या वडिलांच्या शिफारशीनें त्यांना एका फर्निचरच्या दुकानाच्या जाहिरातीचें काम मिळालें. दोन दिवसांचा मेहनताना शिकवणीच्या संबंध महिन्याच्या कमाईहून अधिक! घाम गाळून विद्या देणाऱ्यापेक्षां चेहऱ्याचें मोल समाज किती चढें ठरवितो, ह्याचें हें ढळढळीत उदाहरण होय.

१९९१ मध्यें 'सौगंध' व १९९२ मध्यें 'खिलाडी' हे चित्रपट आले, आणि अक्षय कुमार हें नांव घरोघर पोहोंचलें. अवघड साहसदृश्यें स्वतः करण्याबद्दल त्यांची ख्याती झाली. तालमींत कमावलेलें अंगच तेथें कामीं आलें.

कीर्ति मिळाल्यावर पुष्कळांना जुनी पाटी पुसावीशी वाटते. ह्यांनीं ती पुसली नाहीं. २०१४ सालीं मुंबईंत स्त्रियांना स्वसंरक्षणाचें विनामूल्य शिक्षण देणारें केंद्र सुरू करण्यांत त्यांनीं पुढाकार घेतला. आम्हांस ह्या चरित्रांतील हा भाग चित्रपटांहून मोलाचा वाटतो.

मुलगी सुखरूप घरीं यावी म्हणून आपण तिच्या बाहेर जाण्यावरच बंधनें घालतों. त्यापेक्षां धोका वेळीं ओळखणें, हात सोडवून घेणें व तेथून निसटणें तिला शिकविलें, तर तें बळ जन्मभर तिचें राहील. महिन्याचा हिशेब मांडतांना गणिताच्या शिकवणीखालीं व्यायामशिक्षकाच्या फीची एक ओळ लिहावयास काय हरकत आहे?