ख्रिस्ती परंपरेतील ‘अंतकाळ’: भीतीचा विषय की आशेचा?

मयूर विहार (दिल्ली) : नाताळच्या तयारीचा ‘आगमनकाळ’ सुरू झाला की अनेक चर्चमध्ये पहिल्या रविवारी येशूच्या जन्माऐवजी त्याच्या पुनरागमनाविषयीचे उतारे वाचले जातात. येशू ख्रिस्त पुन्हा येईल, मृतांचे पुनरुत्थान होईल आणि अंतिम न्याय होईल, यावर ख्रिस्ती धर्मातील प्रमुख पंथांचे एकमत आहे. मतभेद आहेत ते या घटनांचा क्रम आणि अर्थ यांबाबत.

पूर्व दिल्लीतील मयूर विहार परिसरात केरळमधून आलेली अनेक ख्रिस्ती कुटुंबे राहतात. केरळमधील सिरो-मलबार परंपरेत उपासना-वर्षाचा शेवटचा भाग अंतकाळाशी जोडलेला आहे. १४ सप्टेंबरच्या क्रूसाच्या सणाभोवतीचा ‘एलिया-क्रूस-मोशे’ हा काळ पुनरागमनाचे स्मरण करून देतो. वर्षअखेरच्या चार आठवड्यांत ख्रिस्त हा वर आणि चर्च ही वधू, या रूपकातून स्वर्गप्रवेशाचे चित्र उभे केले जाते. या परंपरेत अंतकाळाला विवाहसोहळ्याचे रूप आहे.

मतभेदांचे मूळ मुख्यतः बायबलमधील ‘प्रकटीकरण’ या पुस्तकाच्या विसाव्या अध्यायात आहे. तेथे ख्रिस्ताच्या हजार वर्षांच्या राज्याचा उल्लेख येतो. हे राज्य पुनरागमनानंतर पृथ्वीवर प्रत्यक्ष अवतरेल, असे एक मत आहे. शुभवर्तमानाच्या प्रसाराने जग हळूहळू बदलेल आणि त्यानंतर ख्रिस्त येईल, असे दुसरे मत मानते. संत ऑगस्टीन यांनी पाचव्या शतकात ‘हजार वर्षे’ ही संज्ञा प्रतीकात्मक मानून तिचा संबंध चर्चच्या चालू काळाशी लावला. कॅथलिक चर्चच्या १९९२ च्या धर्मशिक्षण ग्रंथानेही इतिहासाच्या आतच असे राज्य साकार होईल, ही कल्पना नाकारली आहे.

संकटापूर्वी श्रद्धावंतांना वर उचलले जाईल, ही आज अनेक इव्हँजेलिकल गटांत प्रचलित असलेली मांडणी तुलनेने अलीकडची आहे. एकोणिसाव्या शतकात जॉन नेल्सन डार्बी यांच्या शिकवणुकीतून ती रूढ झाली.

युद्ध किंवा महामारीच्या काळात जगबुडीच्या तारखा सांगणाऱ्यांना श्रोते मिळतात. अमेरिकेत विल्यम मिलर यांच्या अनुयायांनी २२ ऑक्टोबर १८४४ ही पुनरागमनाची तारीख धरली होती. काहींनी तर उभे पीकही काढले नाही. तो दिवस उलटून गेला आणि ही घटना ‘महानिराशा’ म्हणून इतिहासात नोंदली गेली. तो दिवस व ती घटका कोणालाही ठाऊक नाही, असे मार्काच्या शुभवर्तमानात खुद्द येशूच्याच तोंडी आहे. धर्मशास्त्राचे अभ्यासक तारखांच्या दाव्यांविरुद्ध याच वचनाचा आधार घेतात.

महाराष्ट्रातही या विषयाचा एक धागा सापडतो. पुणे जिल्ह्यातील केडगाव येथे पंडिता रमाबाई यांच्या मुक्ती मिशनमध्ये १९०५ मध्ये मोठी आध्यात्मिक जागृती झाली. पेंटेकॉस्टल प्रवाहात अशा जागृतींकडे कापणीपूर्वीच्या शेवटच्या पावसासारखे, म्हणजे अंतकाळाचे चिन्ह म्हणून, पाहिले गेले. मात्र त्यामुळे मिशनचे काम थांबले नाही. निराधार स्त्रियांचा सांभाळ, शेती, छपाई हे सारे चालूच राहिले. रमाबाईंनी बायबलच्या मराठी अनुवादाचे काम १९२२ मधील निधनापर्यंत सोडले नाही.

पुनरागमनाची वाट पाहणे म्हणजे हातातले काम टाकणे नव्हे, ही शिकवण जुनीच आहे. त्या अपेक्षेत काम सोडून बसलेल्यांना प्रेषित पौलाने थेस्सलनीकाकरांस लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात कष्ट करून खाण्याचा उपदेश केला आहे.