रोझेनश्ट्रासेवरील स्त्रिया आणि इतिहासकार

नाझी राजवटीस विरोध करणाऱ्या जर्मन स्त्रियांचा इतिहास लिहावयास बसणाऱ्यापुढें पहिली अडचण उभी राहते ती कागदपत्रांची. सरकारी दप्तरें जुलूम करणाऱ्यांनींच लिहिलेलीं; विरोध करणारांस कागद मागें ठेवणें म्हणजे प्राणांवर बेतणारें. मग संशोधकानें साक्ष कोणाची घ्यावी? बर्लिन शहरांतील एका प्रसंगावरून हा प्रश्न आज समजून घेऊं.

१९३५ च्या न्यूरेंबर्ग कायद्यांनीं ज्यू व जर्मन यांचे नवे विवाह निषिद्ध ठरले. पूर्वींचे विवाह मात्र रद्द झाले नाहींत. अशा घरांतील जर्मन पत्नीनें घटस्फोट घ्यावा म्हणून तिच्यावर नाना प्रकारें दडपण येई. पुढें ज्यूंची मृत्युछावण्यांकडे रवानगी सुरू झाली, तेव्हां ही लग्नाची गांठ हीच पतीची ढाल उरली.

२७ फेब्रुवारी १९४३ रोजीं बर्लिनच्या कारखान्यांतून ज्यू कामगारांची धरपकड झाली. हजारोंना आउश्वित्झला धाडण्यांत आलें. सुमारें २,००० जणांना रोझेनश्ट्रासे नांवाच्या रस्त्यावरील एका इमारतींत कोंडलें. त्यांतील बहुतेकांच्या बायका जर्मन होत्या. पतीचा शोध घेत त्या स्त्रिया तेथें जमल्या. त्यांचा ना कोणी पुढारी होता, ना पक्ष. पोलिसांनीं पांगविलें कीं त्या पुनः येत. १ मार्चच्या रात्रीं शहरावर इंग्रज विमानांनीं भयंकर बाँबवर्षाव केला, तरी त्यांचें येणें थांबलें नाहीं. ६ मार्चपासून बहुतेक बंदी सुटूं लागले. आउश्वित्झला नेलेले २५ पुरुषही परत आणण्यांत आले.

ही सुटका कशामुळें झाली? अमेरिकन इतिहासकार नेथन स्टोल्ट्झफस यांनीं हयात असलेल्या स्त्रियांच्या आठवणी ऐकल्या, आणि १९९६ सालच्या आपल्या ग्रंथांत असें प्रतिपादिलें कीं उघड असंतोषास भिऊन सरकारनें माघार घेतली. उलट जर्मन इतिहासकार वोल्फ ग्रुनर यांनीं सरकारी हुकूम तपासून २००५ च्या ग्रंथांत दाखविलें कीं, या पुरुषांना त्या वेळीं छावणींत धाडण्याचा बेतच नव्हता. त्यांची नोंद घ्यावयाची होती व त्यांतून ज्यू संस्थांसाठीं कामगार निवडावयाचे होते. गोबेल्सच्या रोजनिशींत ६ मार्च रोजीं ज्यूंच्या एका वृद्धाश्रमासमोर जमलेल्या लोकांचा उल्लेख आहे. परंतु रोझेनश्ट्रासेवरील इमारत वृद्धाश्रम नव्हती. एका शब्दावर वाद कसा अडतो तें यावरून दिसेल.

माझ्या मतें हा वाद सुटकेच्या कारणाचा आहे, स्त्रियांच्या धैर्याचा नव्हे. हुकूम अधिकाऱ्याच्या टेबलावर होता. दाराशीं उभ्या असलेल्या बाईला तो कोणी वाचून दाखविला नव्हता. तिला एवढेंच ठाऊक होतें कीं शेजारचे ज्यू नेले गेले ते परतले नाहींत. शिवाय तिचा विरोध त्या आठवड्यांत सुरू झालेला नव्हता. घटस्फोटाच्या कागदावर सही न करण्याचा निश्चय ती वर्षानुवर्षें पाळीत आली होती, आणि न केलेल्या सहीची नोंद कोणत्या दप्तरांत सांपडणार?

म्हणून इतिहासकारास दोन्ही साक्षी हव्यात. सत्तेचा हेतु काय होता तें हुकूम सांगतो; माणसें काय जाणून पुढें झालीं तें आठवण सांगते. मात्र चाळीस वर्षांनीं सांगितलेली आठवणही पारखूनच घ्यावी लागते. त्या रस्त्याजवळ १९९५ मध्यें शिल्पकार इंगेबोर्ग हुन्त्सिंगर यांनीं घडविलेलें या स्त्रियांचें स्मारक उभें राहिलें. इतिहासकारांचा वाद कोणत्याही बाजूस झुकला, तरी तें स्मारक अनाठायीं ठरणार नाहीं.