कर्नल ऑल्कॉटची शाळा

कर्नल हेन्री स्टील ऑल्कॉट 1880 मध्ये गिरगावात बिऱ्हाड करून होते. अमेरिकी यादवी युद्धात काम केलेला, पुढे वकिली केलेला हा दाढीवाला गृहस्थ थिऑसॉफिकल सोसायटीचा अध्यक्ष. त्या मे महिन्यात सोसायटीच्या सहसंस्थापक मादाम ब्लाव्हाट्स्कींना घेऊन तो मुंबईहून बोटीने लंकेला गेला आणि गॉलच्या विहारात दोघांनी पंचशील घेतलं. गोरा माणूस जाहीरपणे बौद्ध होतो, हे लोकांनी पहिल्यांदाच पाहिलं. गर्दी उसळली. कोलंबोतलं आनंद कॉलेज आज श्रीलंकेतली सर्वांत नावाजलेली बौद्ध मुलांची शाळा आहे; तिची मुळं या गर्दीत आहेत.

ऑल्कॉटला लंकेचा सुगावा लागला तो 1873 च्या पानदुरा वादविवादामुळे. भिक्खू मोहोट्टिवत्ते गुणानंदांनी पाद्र्यांना भर सभेत निरुत्तर केलं होतं आणि त्याचा इंग्रजी वृत्तान्त अमेरिकेत पोचला होता. पण सभा जिंकून पोरांची शाळा मिळत नाही. इंग्रजी हवी तर मिशनऱ्यांकडे जायचं, इंग्रजीशिवाय सरकारी नोकरी नाही, आणि शाळेत गेलेलं पोर घरच्या देवघराकडे तुच्छतेने पाहत परत येणार. पुढे लंकेतले मोठे बौद्ध पुढारी झालेले अनागारिक धर्मपालसुद्धा मिशनरी शाळांतच शिकले. ऑल्कॉटचं निदान साधं होतं. शाळा काढा, आणि मिशनऱ्यांसारखीच काढा.

पैशांसाठी तो गावोगाव फिरला, स्वतः बेत आखून बांधून घेतलेल्या बैलगाडीतून. गाडीतच झोपायची सोय. 1886 च्या फेरीत वरच्या मजल्यावर ऑल्कॉट आणि त्याचा सहकारी लेडबीटर, खाली दुभाषी म्हणून तरुण धर्मपाल, असा हा दुमजली संसार सिंहली खेड्यांतून डुलत चालला होता.

1 नोव्हेंबर 1886 रोजी कोलंबोच्या पेट्टा या गजबजलेल्या बाजारभागात, प्रिन्स स्ट्रीटवर, 37 मुलांची शाळा भरली. नाव होतं इंग्लिश बुद्धिस्ट स्कूल. मुख्याध्यापक चार्ल्स लेडबीटर, म्हणजे काही वर्षांपूर्वीपर्यंत इंग्लंडच्या चर्चमध्ये पाद्री असलेला माणूस! (पुढे अड्यारच्या किनाऱ्यावर कृष्णमूर्तींना ‘शोधून’ काढणारे लेडबीटर ते हेच.) चर्चविरोधी शाळेची घडी पाद्र्याच्या हातून बसावी, यात मला विसंगती दिसत नाही. शाळा कशी चालवतात, हे ठाऊक असलेली माणसंच तेवढी होती.

त्यांच्यामागून आलेले ए. ई. बुल्टजेन्स हे मला या इतिहासातलं सर्वांत लोभस पात्र वाटतं. डच वंशाचे बर्गर, केंब्रिजला शिकलेले, परत येऊन बौद्ध झाले. जुन्या शाळेपासून पाव मैलाच्या आत नवी शाळा निघाली तर तिला अनुदान नाही, असा नियम सरकारने काढला होता. जुन्या शाळा कुणाच्या, हे सांगायला नको. बुल्टजेन्स त्याविरुद्ध झगडत राहिले, आणि तेवढ्याने भागेना म्हणून 1893 मध्ये कोलंबोतल्या छापखाना कामगारांच्या संपातही उतरले. लंकेतल्या कामगार चळवळीची सुरुवात त्या संपापासून धरतात. 1895 मध्ये शाळेला आनंद हे नाव मिळालं आणि ट्यूडर राजपक्षे यांनी दिलेल्या जागेवर, मरदान भागात, ती हलली. आजही तिथेच आहे.

बाहेरून पाहिलं तर सगळा थाट विलायती पब्लिक स्कूलचा. बोधवाक्य, ध्वजाचे रंग, प्रीफेक्ट, क्रिकेटचा संघ. फक्त बोधवाक्य धम्मपदाच्या अप्पमादवग्गातलं आणि सकाळी प्रार्थनेच्या जागी पंचशील, आपल्या विहारांत म्हणतात तेच. हा साचा हलवण्याचं धाडस केलं पी. द एस. कुलरत्नांनी. 1918 मध्ये ऐन तरुणपणी प्राचार्य झालेल्या या गृहस्थाने कोट-पाटलोण सोडून राष्ट्रीय पोशाख धरला आणि शाळेलाही त्याची गोडी लावली. नोव्हेंबर 1927 मध्ये गांधीजी खादीसाठी निधी गोळा करत लंकेत आले, तेव्हा आनंदच्या मुलांसमोरही बोलले. शिक्षकही सगळे बौद्ध नव्हते. मुस्लिम पुढारी टी. बी. जाया हे शेजारच्या झाहिरा कॉलेजचे प्राचार्य होण्यापूर्वी इथेच शिकवत.

मुलं मावेनात तेव्हा 1925 मध्ये कुलरत्नांनी नालंदा ही धाकटी शाळा वेगळी काढली. तिचे पहिले प्राचार्य जी. पी. मललसेकर. याच मललसेकरांच्या पुढाकाराने 1950 मध्ये कँडीला जागतिक बौद्ध परिषद भरली आणि तिला डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजर होते. आज दीक्षाभूमीवर फडकतो तो पंचरंगी ध्वजही 1885 मध्ये कोलंबोच्या बौद्ध मंडळींनी, ऑल्कॉटच्या सल्ल्याने, ठरवलेला.

यापुढचा भाग अभिमानाने सांगण्यासारखा नाही. आनंदचे प्राचार्य एल. एच. मेत्तानंद हे ‘फक्त सिंहली’ चळवळीचे बिनीचे पुढारी झाले. 1956 च्या भाषा कायद्याने तमिळांना परकं केलं, त्याची किंमत देशाने पुढे रक्ताने मोजली. स्वाभिमानाचं आणि दुराग्रहाचं शिक्षण एकाच आवारात होऊ शकतं. स्मरणिकांमधून हे सहसा वगळतात.

1961 मध्ये शाळा सरकारच्या ताब्यात गेली. आता फी नाही, म्हणून पहिलीच्या प्रवेशाला झुंबड. घर शाळेपासून किती लांब यावर गुण मिळतात, मग पालक जवळपास भाड्याने जागा शोधतात, मतदारयादी आणि विजेची बिलं घेऊन रांगा लावतात. तीच गत कोलंबोतल्या सगळ्याच मोठ्या शाळांची.

बाकी सगळे हेवेदावे मार्चमधल्या दोन दिवसांच्या सामन्यात निघतात. आनंदविरुद्ध नालंदा, ‘बॅटल ऑफ द मरून्स’. दोन्हीकडे किरमिजी झेंडे. आनंदच्या झेंड्यात सोनेरी, नालंदाच्या झेंड्यात रुपेरी. पपारे बँडची तुतारी, झेंडे लावलेल्या ट्रकांवर चढलेली पोरं आणि पोट सुटलेले माजी विद्यार्थी, असा कल्ला असतो. गंपहाचा एक मुलगा आनंदच्याच संघातून वर आला. त्याची आई इथेच शिक्षिका होती. फेब्रुवारी 1982 मध्ये श्रीलंका पहिली कसोटी खेळली तेव्हा तो 18 वर्षांचा होता आणि देशासाठी कसोटीतलं पहिलं अर्धशतक त्यानेच काढलं. नाव अर्जुन रणतुंगा. 1996 च्या विश्वचषकात ईडन गार्डन्सवर त्याच्या संघाने आपलं काय केलं, ते मराठी वाचकाला नव्याने सांगायची गरज नाही.