शब्द बदला, आकडा तोच

व्हिडिओ गेम विकत घेतला की पडद्यावर लायसन्स की मागितली जाते: पाच-पाच अक्षरांचे गट आणि मध्ये छोट्या आडव्या रेघा. 'ही की इथे टाका' ही सूचना 'ही किल्ली या जागी भरा' अशी लिहिली तरी काही बिघडत नाही. पण खुद्द त्या कीमधलं एक अक्षर बदललं तर गेम उघडत नाही. तिच्यातल्या अक्षरांना अर्थच नसतो, मग समानार्थी शब्द कुठून येणार?

तरीही समानार्थी शब्दांत तंतोतंत आकडा जपण्याची किमया आपल्या गणितज्ञांनी शेकडो वर्षं केली. तिचं नाव भूतसंख्या. दोन लिहायचे तर नेत्र, लोचन किंवा यम. चार म्हणजे वेद किंवा युग, पाच म्हणजे बाण, सात म्हणजे मुनी किंवा स्वर, शून्य म्हणजे गगन, अंबर, पूर्ण. वाचायचं मात्र उलट, एकं स्थानापासून.

भास्कराचार्यांनी आपला जन्मशक असाच सांगितला. सहासाठी रस, तीनसाठी गुण, शून्यासाठी पूर्ण, एकासाठी मही. झाले शके 1036, म्हणजे इसवी सन 1114. 'सिद्धान्तशिरोमणी' रचला तेव्हा त्यांचं वय 36 होतं. तिथे पुन्हा तेच रस आणि गुण. जन्मशकाची शेपटी आणि ग्रंथाच्या वेळचं वय एकाच जोडशब्दात! आपलं गाव त्यांनी विज्जडविड असं सांगितलं. ते विड म्हणजे आजचं बीड, असं काही अभ्यासक मानतात. काहींचा कौल चाळीसगावजवळच्या पाटण्याला आहे, कारण त्यांच्या नातवाचा, चांगदेवाचा उल्लेख असलेला शिलालेख तिथे आहे. वाद मिटलेला नाही, पण बीडकरांनी या माणसावर हक्क सांगावा हे मला मनापासून आवडतं.

इतके पर्याय कशासाठी? हे ग्रंथ श्लोकांत होते आणि पाठ करायचे होते. छंदात लघु-गुरूची, म्हणजे आखूड-लांब उच्चाराच्या अक्षरांची, जागा ठरलेली असते. दोन लघू हवे असतील तिथे यम बसतो, गुरू-लघू हवे असतील तिथे नेत्र. अंक दोनच राहतो.

याहून थक्क करणारी गोष्ट पुढे आहे. पोथीची नक्कल करणाऱ्याच्या हातून नुसता आकडा चुकला तर कुणाला कळणार? शब्द गळला किंवा लांबला तर छंद मोडतो आणि कानाला लगेच खटकतं. आधार क्रमांकातला शेवटचा अंक हेच काम करतो: आधीच्या अकरा अंकांवरून तो गणिताने काढलेला असतो, त्यामुळे टाइप करताना एक अंक चुकला तरी संगणकाला समजतं. अनेक लायसन्स कींमध्येही अशी तपासणी असते. छंदाची राखण मात्र पूर्ण नव्हती. वेद आणि बाण दोघेही गुरू-लघू. चारचे पाच झाले तरी चाल तशीच राहते. तिथे टीकाकार आणि गणित करून पाहणारे शिष्यच उपयोगी पडत.

बीडच्या शिक्षकांना माझी विनंती आहे. गणिताच्या तासाला फळ्यावर 'मुनी-वेद-ग्रह-चंद्र' लिहा, ग्रह म्हणजे नऊ आणि चंद्र म्हणजे एक एवढं सांगा आणि मुलांना वर्ष ओळखू द्या. मग त्यांनाच सगळे शब्द बदलू द्या. 'स्वर-युग-नंद-भू' आलं, तरी उत्तर 1947 च येईल.