आंबट रस्सा का फुटतो?

निपाणीच्या परिसरात पाहुणा आला म्हणजे मटणाचा बेत ठरतो, आणि मटण शिजले म्हणजे तांबड्या रश्श्याच्या जोडीला पांढरा रस्सा ओघानेच येतो. तांबडा रस्सा चुलीवर कितीही वेळ खदखदला तरी त्याचे फारसे बिघडत नाही. पांढऱ्याचे तसे नाही. नारळाचे दूध घातल्यानंतर आच मोठी राहिली, तर पाहता पाहता वर तेलाचे डोळे दिसू लागतात, खाली कणीदार चोथा बसतो आणि मधले पाणी नुसते पाणी राहते. ज्या घरी मटण शिजत नाही तेथेही हा प्रसंग चुकत नाही. तेथे कढी फुटते. रस्सा एकदा फुटला म्हणजे तो पूर्ववत करण्याचा उपाय नाही. महागामोलाचे जिन्नस, दोन तासांचे श्रम आणि पाहुण्यांची वाढण्याची वेळ, ही तिन्ही एका क्षणात हातची जातात.

असे का होते, हे समजून घ्यावयाचे असेल तर या सर्व रश्श्यांपेक्षाही नाजूक असलेला एक पदार्थ पाहणे उपयोगी ठरेल. तो आहे ग्रीस देशातला. खिम्यात तांदूळ मिसळून केलेले लहान गोळे पाण्यात शिजवावयाचे आणि शेवटी त्या पाण्याला अंडे व लिंबाचा रस लावून ते दाट करावयाचे, ही त्याची थोडक्यात कृती. या गोळ्यांना तिकडे 'युवर्लाक्या' म्हणतात आणि त्यांच्या रश्श्याला 'अवगोलेमोनो'. ग्रीक भाषेत 'अवगो' म्हणजे अंडे आणि 'लेमोनी' म्हणजे लिंबू. तेव्हा रश्श्याचे नाव म्हणजे त्यातील जिन्नसांची यादीच होय. ना मसाला, ना तिखट, ना हळद. सारी चव अंडे, लिंबू, मिरी आणि मांसाचे सत्त्व यांवर उभी असल्यामुळे दोष झाकावयास जागाच उरत नाही.

गोळ्यांचे नाव मात्र मूळचे ग्रीक नाही. तुर्की भाषेत 'युवार्लाक' म्हणजे गोल, त्यावरून ते आले. अंडे व लिंबू लावून रस्सा दाट करण्याच्या कृतीला तुर्क लोक 'तेर्बिये' म्हणतात. हा शब्द मूळचा अरबी. हिंदी-उर्दूत तोच 'तरबियत' या रूपाने आढळतो आणि त्याचा अर्थ वळण लावणे, संस्कार करणे असा आहे. अंड्यावर संस्कार केल्याखेरीज त्याला उकळत्या रश्श्यात पाठवू नये, हा अनुभव त्या शब्दातच साठवलेला दिसतो. 1923 सालच्या लोझानच्या करारानुसार ग्रीस आणि तुर्कस्तान यांनी आपापल्या लोकवस्तीची अदलाबदल केली. बारा लाखांच्या आसपास ग्रीक लोक आशिया मायनर सोडून ग्रीसमध्ये आले आणि त्यांच्याबरोबर त्यांच्या चुलीही आल्या. देशांच्या सीमा आखल्या गेल्या, तरी हा पदार्थ समुद्राच्या दोन्ही तीरांवर शिजत राहिला.

निपाणीच्या वाचकाला ही गोष्ट समजावून सांगावयास नको. 1 नोव्हेंबर 1956 रोजी राज्यांची पुनर्रचना झाली आणि निपाणी त्या वेळच्या म्हैसूर राज्यात गेली. तो वाद आजही मिटलेला नाही. स्वयंपाकघराने मात्र कोणाच्या निर्णयाची वाट पाहिली नाही. मराठी घरात हरभऱ्याच्या डाळीचे भरड वाटण करून त्याचे गोळे कढीत सोडतात आणि त्यांना कढीगोळे म्हणतात. जुन्या म्हैसूरच्या बाजूला तुरीच्या डाळीचे 'नुच्चिनुंडे' वाफवतात आणि ते 'मज्जिगे हुळी' या ताकाच्या आंबट कालवणाबरोबर खातात. गोळा आणि आंबट रस्सा ही जोडी इतकी जुनी आणि सोयीची आहे की ती कानडी, मराठी, तुर्की आणि ग्रीक घरांत आपापल्या परीने नांदते आहे.

प्रथम गोळ्यांचा विचार करू. ग्रीसमध्ये बहुधा गोमांसाचा, कधी कोकराच्या मांसाचा खिमा घेतात; निपाणीत बोकडाचा घ्यावा. अर्धा किलो खिम्यात थोडी चरबी असू द्यावी व तो दोनदा बारीक करून आणावा. त्यात सुमारे शंभर ग्रॅम तांदूळ धुऊन, पंधरा मिनिटे भिजवून व निथळून घालावा. लांब दाण्याचा मोकळा तांदूळ येथे उपयोगाचा नाही; आखूड दाण्याचा व किंचित चिकट हवा. त्यासाठी फार लांब जावयास नको. 2016 साली भौगोलिक मानांकन मिळालेला आजऱ्याचा घनसाळ शेजारच्याच तालुक्यांत पिकतो. एक कांदा किसून व पिळून, मीठ, मिरपूड, एका अंड्याचा पांढरा बलक आणि बारीक चिरलेला पाला एवढे मिसळले की झाले. ग्रीक लोक पाल्यात जी सुवासिक भाजी आवडीने घालतात ती आपल्या शेपूचीच सख्खी बहीण आहे. जोडीला पुदिना किंवा कोथिंबीर चालते.

मिश्रण चांगले मळावे, परंतु गोळा फार आवळू नये. शिजताना तांदूळ फुगून दुपटीहून मोठा होतो. त्याला जागा ठेवली नाही तर गोळा तडकतो. लहान लिंबाएवढे पंचवीस-तीस गोळे यांतून होतात. तांदळाचे येथे दुहेरी काम आहे. मांसातून सुटणारा रस तो आत शोषून घेतो, त्यामुळे गोळा कोरडा पडत नाही. आणि अर्ध्या किलोत पाचसहा माणसांचे जेवण निभावते. मोजक्या मांसात घर जेवू घालण्याची ही युक्ती गरिबीतून आली असावी, पण चवीत तिने काही उणे ठेवलेले नाही.

दीड लिटर पाणी किंवा आळणी पाणी उकळत ठेवून त्यात गोळे सोडावेत. येथे कढीगोळे करणाऱ्या गृहिणीचा रिवाज पाळावा: आधी एकच गोळा सोडून पाहावा, तो टिकला तर बाकीचे. सगळे सोडल्यावर आच इतकी मंद करावी की पाणी केवळ हालत राहील. डाव घालून ढवळू नये; पातेल्याचे कान धरून ते हलकेच हिंदकळावे. झाकण ठेवून पाऊण तासात गोळे आतपर्यंत शिजतात. याची खात्री एक गोळा मोडून अवश्य करून घ्यावी. अखंड मांसात रोगजंतू बहुधा पृष्ठभागावर असतात. खिमा करताना ते आतपर्यंत मिसळले जातात, म्हणून खिम्याचा गोळा मध्यभागी कच्चा राहता कामा नये.

आता मुख्य प्रश्नाकडे येऊ. अंड्यातील प्रथिने ही गुंडाळलेल्या दोऱ्याच्या बारीक गुंड्यांसारखी असतात. उष्णता लागली की गुंडी उलगडते आणि मोकळे झालेले दोरे एकमेकांत गुंततात. आच सौम्य असेल तर या गुंतण्यातून एक विरळ जाळे तयार होते. त्या जाळ्यात पाणी अडकून राहते आणि रस्सा मऊ, दाट, साईसारखा लागतो. आच तीव्र झाली की जाळे आक्रसते, ओला पंचा पिळावा तसे त्यातले पाणी बाहेर पडते आणि अंड्याच्या गुठळ्या निराळ्या तरंगू लागतात. यालाच फुटणे म्हणतात. अंड्याचा पिवळा बलक 65 ते 70 अंश सेल्सिअसच्या सुमारास घट्ट होऊ लागतो. पाण्याने पातळ केला तर ही मर्यादा थोडी वर सरकते; तरीही उकळत्या रश्श्याचे तापमान तिच्या फार पलीकडे असते. यावरून दिसेल की दाट होणे आणि फुटणे या दोन अवस्थांमध्ये अंतर अगदी थोडे आहे. सारे कौशल्य त्या थोड्या अंतरात थांबण्याचे आहे.

म्हणून कृती अशी करतात. गोळे शिजल्यावर पातेले आचेवरून उतरवून पाच मिनिटे बाजूला ठेवावे. दोन अंडी एका खोलगट भांड्यात फेसावीत. ती शीतकपाटातील असतील तर आधी बाहेर काढून ठेवावीत. त्यात लिंबाचा रस थोडा थोडा घालावा. ग्रीसमधील लिंबू मोठे, जाड सालीचे असते. आपले कागदी लिंबू त्याहून लहान, पण आंबटपणाने तेज. तेव्हा दोन कागदी लिंबांचा रस पुरे. आता पातेल्यातील गरम रस्सा पळीने घेऊन अंड्यात घालावयाचा, तोही प्रथम चमचा चमचा, मग बारीक धारेने, आणि दुसऱ्या हाताने फेसणे क्षणभरही थांबवावयाचे नाही. दीड-दोन वाट्या रस्सा याप्रमाणे जिरला की अंडे पुरेसे पातळ व गरम झालेले असते. मग हे मिश्रण पातेल्यात ओतून पातेले हिंदकळावे. आच लावावयाचीच झाली तर अगदी मंद, आणि कडेला पहिला बुडबुडा दिसण्याआधी बंद. चमच्याच्या पाठीवर रश्श्याचा पातळ थर बसला व त्यावर बोटाने ओढलेली रेघ टिकली, म्हणजे रस्सा तयार झाला. अंडे 71 अंशांपर्यंत तापले की त्यातील रोगजंतूंचे भय राहत नाही. वरील रीतीने ते त्याच्या थोडे वर जाते आणि तरीही फुटत नाही.

थंड अंडे गरम रश्श्यात टाकण्याऐवजी गरम रस्सा थंड अंड्यात घालावयाचा, एवढाच या कृतीतील फरक. पहिल्या रीतीत अंड्याचा प्रत्येक थेंब एकदम भाजून निघतो. दुसरीत ते हळूहळू उष्णतेला सरावते.

हाच नियम आता आपल्या चुलीवर लावून पाहावा. कढी करताना बेसन थंड ताकातच कालवतात, उकळत्या ताकात घालीत नाहीत. मग मंद आचेवर ती सतत ढवळत राहतात. दह्यातील प्रथिने आंबटपणामुळे आधीच एकत्र येण्याच्या बेतात असतात. बेसनातील पिष्ट फुगून त्यांच्यामध्ये पडद्यासारखे उभे राहते व त्यांना आवळून गोळा होऊ देत नाही. बेसन कमी पडले किंवा ढवळणे थांबले की कढी फुटते ती यामुळे. अंड्याच्या रश्श्यातही एक चमचा मक्याचे पीठ थंड पाण्यात कालवून घातले तर तोच पडदा मिळतो. नवख्या हाताने हा आधार जरूर घ्यावा. गोळ्यांतील तांदूळही रश्श्यात आपले थोडे पिष्ट सोडून हीच मदत करीत असतो. पांढऱ्या रश्श्यातील नारळाच्या दुधात तेलाचे सूक्ष्म थेंब प्रथिनांच्या आधाराने पाण्यात तरंगत असतात. जोराच्या उकळीने तो आधार मोडतो, थेंब एकमेकांना मिळतात आणि तेल वर येते. म्हणून नारळाचे दूध शेवटी घालावे व त्यानंतर रस्सा उकळू देऊ नये. अंडे, दही आणि नारळ हे तीन निरनिराळे पदार्थ खरे, पण तिघांचा शत्रू एकच: अचानक लागलेली मोठी आच.

दोन सूचना आणखी. लिंबू, ताक यांसारख्या आंबट पदार्थांसाठी कल्हई नसलेले पितळेचे किंवा तांब्याचे भांडे वापरू नये, पदार्थ कळकतो. ॲल्युमिनियमच्या भांड्यातही असा रस्सा काळपट पडतो. स्टेनलेस स्टीलचे किंवा नुकतीच कल्हई केलेले पातेले उत्तम. दुसरी सूचना शिळ्याविषयी. अंडे लावलेला रस्सा पुन्हा तापवला की बहुधा फुटतो. तेव्हा दोन वेळचे करावयाचे असेल तर गोळे व साधा रस्सा तेवढा झाकून थंडाव्यात ठेवावा आणि अंडे-लिंबू त्या त्या वेळच्या वाढणीपुरतेच लावावे.

आपल्या स्वयंपाकघरातले बहुतेक शिक्षण आज्ञेच्या रूपाने चालत आले. 'आच कमी कर', 'ढवळणे थांबवू नकोस', 'दूध शेवटी घाल' असे सासू सांगे आणि सून करी. कारण विचारण्याची रीत नव्हती, गरजही वाटत नव्हती, कारण सांगणारी माणसे शेजारीच उभी असत. आता निपाणीची मुले-मुली शिक्षणासाठी आणि नोकरीसाठी पुण्यामुंबईस, बंगळूरला आणि परदेशीही जातात. तेथे चूल निराळी, भांडी निराळी, लिंबूसुद्धा निराळे, आणि शेजारी सांगणारे कोणी नाही. अशा ठिकाणी पाठ केलेली आज्ञा पहिल्याच बदलाला कोलमडते. समजलेले कारण मात्र कोणत्याही चुलीवर उपयोगी पडते. तेव्हा मुलांना पदार्थ शिकवताना, मुलींप्रमाणे मुलग्यांनाही, कृतीबरोबर तिचे कारणही सांगावे. आजीच्या हातची चव पुढच्या पिढीपर्यंत पोचवण्याचा याहून खात्रीचा मार्ग नाही.

ज्यांना ही परीक्षा स्वतः करून पाहावयाची असेल त्यांनी पहिल्याच दिवशी अर्धा किलो खिमा पणास लावू नये. एक अंडे, एका लिंबाचा रस आणि दोन-तीन वाट्या गरम आळणी पाणी एवढ्यावर हात बसवावा. एखादे वेळी ते फुटेल; गाळून घेतले तर प्यावयास चालेल. दुसऱ्या खेपेस रस्सा चमच्याला लागून राहील, आणि त्या दिवसापासून कढीही सहसा फुटणार नाही.